प्रलय आला तरी हसू नये, असं ठरवलं कोणी? फिल्म सोसायटीच्या कार्यकारिणीला खुलं पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष, सचिव आणि कार्यकारिणी सदस्य,
फिल्म सोसायटी

सप्रेम नमस्कार.

हिरोशिमा दिनाच्या, म्हणजे ६ ऑगस्टच्या कार्यक्रमातून ‘द बिग स्निट’ हा दहा मिनिटांचा कॅनेडियन लघुपट आपण काढून टाकलात. पत्रिका छापून झाली होती, सभासदांना पोचली होती, कॉलेजच्या मुलांना निरोप गेले होते. कार्यक्रमाच्या आदल्या रात्री व्हॉट्सअ‍ॅप गटावर दोन ओळी आल्या : ‘एक फिल्म वगळण्यात येत आहे. विषयाच्या गांभीर्याशी ती विसंगत आहे.’ त्याखाली जोडलेल्या हातांची रांग लागली. फिल्म कोणी पाहिली आहे का, असं मी तिथेच विचारलं. उत्तर आलं नाही. सकाळी ‘सुप्रभात’ आलं, गुलाबाच्या फुलासकट.

त्यानंतर मी रीतसर पत्र दिलं. त्याची पोच मिळाली, उत्तर मिळालं नाही. घरातलं भांडण चव्हाट्यावर आणू नये हे मलाही कळतं. पण हे भांडण आपल्या एकट्या घरातलं नाही, हे आसपासच्या गावांतल्या मित्रमैत्रिणींशी बोलताना लक्षात आलं. कुठे विनोदी लघुपटाला स्पर्धेत ‘उत्तेजनार्थ’च्या वर जाऊ देत नाहीत, कुठे अ‍ॅनिमेशन म्हटलं की बालचित्रपट सप्ताहात ढकलतात. म्हणून हे पत्र सगळ्यांसमोर लिहिते आहे. सोसायटीचं नाव आणि कोणाही पदाधिकाऱ्याचं नाव मुद्दाम घातलेलं नाही. माझी तक्रार निर्णयाबद्दल आहे, माणसांबद्दल नाही.

मी कोण, हे आपल्याला माहीत आहे, वाचकांसाठी सांगते. मी पदार्थविज्ञान शिकवायचे, कनिष्ठ महाविद्यालयात, आणि आता निवृत्त आहे. सोसायटीची सभासद मी कॉलेजात असल्यापासून. तेव्हा सोळा एमेमच्या प्रिंट पुण्याच्या फिल्म अर्काइव्हमधून यायच्या, आणि स्टेशनच्या पार्सल ऑफिसातून ते पत्र्याचे डबे रिक्षात मांडीवर घेऊन आणायला जी पोरं जायची त्यांत मी असायचे. हा लघुपट मी सुचवला होता. त्याची एक पानी ओळख मी लिहिली होती. दाखवण्याच्या परवानगीचा पत्रव्यवहारही केला होता. माझ्या जुन्या विद्यार्थ्यांपैकी काही जण केवळ त्यासाठी येणार होते, आणि आलेही. दारावरच्या पाटीवर पांढरा कागद डकवून एक ओळ झाकलेली होती. त्याबद्दल त्यांनी मला विचारलं तेव्हा माझ्याकडे सांगायला काही नव्हतं.

आता मुद्द्यांवर येते.

पहिला मुद्दा, ‘गांभीर्याशी विसंगत’. यावर जरा सविस्तर लिहावं लागेल, कारण वगळण्याचं तेवढं एकच कारण आपण दिलंत.

फिल्ममध्ये काय आहे? एक नवरा, एक बायको, एक मांजर, एक घर. दोघं स्क्रॅबल, म्हणजे अक्षरांच्या सोंगट्यांनी इंग्रजी शब्द जुळवायचा खेळ, खेळत बसली आहेत. नवऱ्याची पाळी आहे आणि त्याच्या पट्टीवर सगळी अक्षरं ‘ई’. तो विचार करतो आहे. करतोच आहे. बायको कंटाळून उठते आणि घर झाडायचं यंत्र फिरवायला लागते. नवऱ्याला करवतीचं वेड. टीव्हीवर करवत कशी चालवावी याचा किशोरांसाठीचा कार्यक्रम लागतो आणि हा घरातल्या सामानावर करवत चालवतो. बायकोला डोळे काढून खुळखुळ्यासारखे हलवायची सवय. (अ‍ॅनिमेशनमध्ये हे चालतं, आणि पाहताना एकदाही खटकत नाही.) यावरून दोघांची जुंपते. तू सारखं कापत असतोस, तू सारखे डोळे हलवत असतेस. मधल्या वेळात टीव्हीवर जगभर अणुयुद्ध सुरू झाल्याची बातमी येते, पण नवऱ्याला डुलकी लागलेली असते आणि मांजर टीव्हीची वायर चावत असतं. बाहेर रस्त्यावर लोक सैरावैरा धावताहेत. आत दोघांचं भांडण टिपेला पोचलं आहे. मग बायको रडते. मग नवरा अकॉर्डियन काढतो. शेवट इथे सांगत नाही. कार्यकारिणीने तो अजून पाहायचा आहे.

ही फिल्म रिचर्ड कॉन्डी यांनी १९८५ साली केली, कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाच्या विनिपेगच्या केंद्रात. त्या वर्षीच्या अ‍ॅनिमेटेड लघुपटाच्या ऑस्करसाठी तिला नामांकन होतं. मिळालं नाही, ते नेदरलँड्सच्या फिल्मला गेलं. ऑस्करच्या नामांकनाने फिल्म मोठी होत नाही हे मला मान्य आहे, पण आपल्या पत्रिकेत पाहुण्यांच्या फिल्मांपुढे ‘ऑस्कर नामांकित’ हे शब्द ठळक टाइपात असतात, म्हणून आठवण करून दिली.

आता विनिपेग कुठे आहे ते नकाशात पाहा. कॅनडाच्या मध्यावर, सपाट माळावर, हिवाळ्यात उणे तीस अंशांत. अमेरिकेची सरहद्द तिथून शंभरेक किलोमीटर. सरहद्दीपलीकडे नॉर्थ डकोटा, जिथे त्या काळी गव्हाच्या शेतांखाली अमेरिकेची मिनिटमन अणुक्षेपणास्त्रं उभी होती. सोव्हिएत संघाने पहिला वार केला असता तर तो नेमका तिथे. याशिवाय १९८४पासून अमेरिका आपली क्रूझ क्षेपणास्त्रं कॅनडाच्या आकाशात, अल्बर्टाकडच्या भागात उडवून पाहत होती आणि त्याविरुद्ध कॅनडाच्या शहरांमधून मोर्चे निघत होते. १९८३च्या सप्टेंबरात सोव्हिएत इशारा यंत्रणेने अमेरिकेची क्षेपणास्त्रं निघाल्याची खोटी वर्दी दिली होती. ढगांवरून परतलेलं ऊन होतं ते. कर्तव्यावरचे अधिकारी स्तानिस्लाव पेत्रोव यांनी ती वर्दी खरी मानली नाही, म्हणून आपण आज या विषयावर पत्रं लिहू शकतो. त्याच नोव्हेंबरात अमेरिकेत अणुहल्ल्यानंतरचं कॅन्ससमधलं शहर दाखवणारा टीव्हीपट सुमारे दहा कोटी लोकांनी एका रात्री पाहिला. १९८४मध्ये शास्त्रज्ञांनी आपलं ‘प्रलयाचं घड्याळ’ (मध्यरात्र म्हणजे जगाचा अंत, असं मानणारं प्रतीकात्मक घड्याळ) मध्यरात्रीला तीन मिनिटं कमी, इथवर आणलं.

अशा वेळी, अशा जागी बसलेला माणूस अणुयुद्धावर फिल्म करतो आणि त्यात स्क्रॅबल घालतो. हे त्याला विषय कळला नव्हता म्हणून? मला वाटतं, तो विषय त्याच्याइतका थोड्या जणांना कळला होता. मोठ्या टीव्हीपटांनी बॉम्ब दाखवला, जळालेली शहरं दाखवली, ते आवश्यकच होतं. कॉन्डींनी सायरन वाजत असताना घरात काय चाललेलं असतं ते दाखवलं. घरात भांडण चाललेलं असतं. आणि ते क्षुल्लक भांडण, ती न सुटणारी पट्टी, ते आधी रुसणं आणि मग मिटवायला येणं हे सगळंच जळून जाणार आहे, हे पाहणाऱ्याला माहीत असतं, त्या दोघांना नसतं. मी ही फिल्म पहिल्यांदा स्टाफरूममधल्या संगणकावर पाहिली. शेवटाकडे हसत होते आणि हसताना घसा दाटला होता. राखेचे ढिगारे दाखवणाऱ्या फिल्मांनी मला सुन्न केलं आहे, पण मेलेल्या माणसांची इतकी जवळून ओळख त्यांनी करून दिली नव्हती.

आपल्याकडचे प्रलय आठवून पाहा, कारण प्रलयाला सामोरं जाणारी माणसं आपणही पाहिलेली आहेत. १९६२च्या फेब्रुवारीत अष्टग्रही झाली. मकर राशीत आठ ग्रह एकत्र येणार, जग बुडणार, म्हणून देशभर यज्ञ झाले, जप झाले. पंडित नेहरूंनी ते हसण्यावारी नेलं. माझ्या वडिलांनी सांगितलेली त्यातली मुख्य आठवण कोणती? आमच्या आत्याने दूधवाल्याला ‘पाच तारखेनंतर बघू’ म्हणून महिन्याचे पैसे दिले नाहीत, आणि सहा तारखेला तो दारात उभा राहिला.

स्कायलॅब तर मी स्वतः पाहिलं, म्हणजे पडताना नव्हे, पडेपर्यंतचं. जुलै १९७९. अमेरिकेची सत्तरहून जास्त टनांची अंतराळप्रयोगशाळा कुठेही कोसळेल, कदाचित भारतातही, अशा बातम्या रोज रेडिओवर. आमच्या वाड्याच्या खालच्या वाण्याने पाटी लावली : ‘स्कायलॅब पडेपर्यंत उधारी बंद’. घटक चाचणी होणार की नाही यावर आमच्या वर्गात पैजा लागल्या. वाडा पावसात सगळीकडून गळत होता आणि मालक बारा वर्षं कौलं बदलून देत नव्हता, तर आजीने देवापुढे हात जोडून मोठ्याने सांगितलं, ‘पडायचंच तर मालकाच्या बाजूला पड रे बाबा, डागडुजी तरी होईल.’ सगळा वाडा हसला. आजीही हसली. पण त्या रात्री तिने आम्हा नातवंडांना एकालाही आपल्या अंथरुणापासून लांब झोपू दिलं नाही. आता सांगा, आजी गंभीर होती की नव्हती? (स्कायलॅबचे तुकडे शेवटी पश्चिम ऑस्ट्रेलियात पडले. तिथल्या एस्परन्स नावाच्या गावाने नासाला उघड्यावर कचरा टाकल्याबद्दल चारशे डॉलरांचा दंड ठोठावला. अख्ख्या प्रकरणातली सगळ्यांत शहाणी प्रतिक्रिया मला ती वाटते.)

आणखी एक सांगते, आणि ते गमतीचं नाही. मे १९९८मध्ये पोखरणला चाचण्या झाल्या, महिनाअखेर पाकिस्तानने चगाईला केल्या. त्या दिवसांत गुणपत्रिकेची वाट पाहणारी बारावीची मुलं कॉलेजात चौकशीला येत. त्यांतल्या एका मुलीने मला विचारलं, ‘मॅडम, युद्ध झालं तर निकाल लागेल का?’ केंद्रकीय विखंडन मीच तिला शिकवलं होतं. साखळी अभिक्रिया, क्रांतिक वस्तुमान, सगळं. परीक्षेत तिने ते बरोबर लिहिलंही असेल. पण अणुबॉम्ब तिला पहिल्यांदा कळला तो त्या निकालाच्या प्रश्नात. मी हसले नाही, तीही हसली नाही, पण तो संवाद कोणी पडद्यावर आणला तर प्रेक्षक हसतील, आणि हसून झाल्यावर त्यांना जे वाटेल तेच या फिल्मचं काम आहे.

म्हणून ‘विसंगत’ हा शेरा मला मान्य नाही. आपल्या दोन ओळींच्या निवेदनात विनोद म्हणजे विषयाची थट्टा असं गृहीत धरलेलं आहे. फिल्म सोसायटी चालवणाऱ्यांनी हे गृहीत धरावं, याचा मला त्रास झाला.

आणि आपणही ते नेहमी धरत नाही. दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिक यांची अणुयुद्धावरची १९६४ची विनोदी फिल्म ‘डॉ. स्ट्रेंजलव्ह’ आपल्याच पडद्यावर लागली आहे, त्यानंतरच्या चर्चेत अध्यक्षमहाराजांनी ‘काळ्या विनोदाची परिसीमा’ असं तिचं कौतुक केलं होतं, मी टिपून ठेवलं आहे. कुब्रिक त्या कथेची गंभीर थरारपटासारखी पटकथा करायला बसले होते आणि लिहिता लिहिता ती विनोदी होत गेली, हेही तेव्हा आपणच सांगितलंत. मग पूर्ण लांबीची, कृष्णधवल आणि कुब्रिकची असली की चालते, आणि दहा मिनिटांची, रंगीत आणि विनिपेगची असली की गांभीर्य बिघडतं, एवढाच निकष उरतो.

दुसरा मुद्दा. निवेदनात नव्हता, पण नंतर चहाच्या टेबलावर ऐकू आला : ‘कार्टून आहे हो ते, मुलांचं.’

आपल्या सभागृहात दादासाहेब फाळक्यांची तसबीर आहे, दर तीस एप्रिलला आपण तिला हार घालतो. फाळक्यांनी ‘पिठाचे पंजे’ नावाचा विनोदी लघुपट केला होता. ‘आगकाड्यांची मौज’मध्ये त्यांनी काडेपेटीच्या काड्या हलवून नाचवल्या होत्या, १९१५च्या आसपास. ‘राजा हरिश्चंद्र’ करणाऱ्या माणसाला हे हलकं वाटलं नव्हतं. प्रभातने ‘जंबू काका’ हा व्यंगचित्रपट पडद्यावर आणला तो १९३४ साली. पुढे फिल्म्स डिव्हिजनने १९५६मध्ये मुंबईत कार्टून विभाग काढला, डिस्नेमधून क्लेअर वीक्स शिकवायला आले, आणि जी. के. गोखले, राम मोहन अशी माणसं तिथे उभी राहिली. अ‍ॅनिमेशन आपल्याला परकं आहे असं म्हणायची सोय नाही.

कॅनडाच्या फिल्म बोर्डाशीही आपला संबंध जुना आहे. तिथल्या अ‍ॅनिमेशनचा पाया घालणारे नॉर्मन मॅक्लॅरेन १९५३मध्ये युनेस्कोच्या कामासाठी भारतात येऊन गेले. त्याच्या आदल्या वर्षी त्यांनी ‘नेबर्स’ केला होता. दोन शेजारी एका फुलावरून भांडतात आणि एकमेकांचा जीव घेतात, आठेक मिनिटांत. सुरुवातीला तोही गमतीदारच वाटतो. तो आपण युद्धविरोधी कार्यक्रमात दाखवत आलो आहोत. कोणी हरकत घेतल्याचं आठवत नाही.

तिसरा मुद्दा मात्र मी गंभीरपणे घेते. कार्यकारिणीतल्या एका ज्येष्ठ सदस्यांनी मला फोनवर सांगितलं की हिरोशिमाच्या मृतांच्या स्मरणदिनी हास्य उमटणं त्यांना अपमान वाटतो. त्यांच्या भावनेबद्दल माझ्या मनात आदर आहे, आणि हे एकच कारण मला विचार करायला लावणारं वाटलं. निवेदनात ते लिहिलं असतं तर हे पत्र निराळं झालं असतं.

तरीही मला ते पटलं नाही, आणि का ते सांगते. केइजी नाकाझावा हिरोशिमात सहा वर्षांचे असताना बॉम्ब पडला. वडील, बहीण, भाऊ गेले. त्यांनी त्यावर काय केलं? चित्रमालिका काढली, ‘बेअरफूट गेन’, १९७३पासून, मुलांच्या साप्ताहिकात. ती वाचलेल्यांना माहीत आहे की तिच्यात कातडी लोंबणारी माणसं आहेत आणि त्याच पानांच्या आगेमागे गेन आणि त्याच्या भावाची धमाल मस्ती आहे, गाणी आहेत, खोड्या आहेत, भुकेवरचे विनोद आहेत. ज्याचं घर जळलं त्यानेच हे ठरवलं. त्याच्या मृतांचा मान कसा राखायचा हे आपण पुण्या-मुंबईकडच्या सभागृहांत बसून त्याच्यापेक्षा जास्त कसं जाणणार?

आणि त्या चित्रमालिकेचं पुढे काय झालं तेही पाहा. २०१२च्या अखेरीस जपानमधल्या मात्सुए शहराच्या शिक्षण अधिकाऱ्यांनी ती शाळांच्या ग्रंथालयांतल्या खुल्या कपाटांतून उचलायला लावली. आरडाओरडा झाल्यावर २०१३मध्ये निर्णय मागे घेतला. २०२३मध्ये खुद्द हिरोशिमाच्या शिक्षण मंडळाने तिच्यातला उतारा शांतता-शिक्षणाच्या साहित्यातून काढला. कारणं वेगवेगळी दिली गेली, सगळी अगदी सभ्य भाषेत. पुस्तक किंवा फिल्म काढून टाकणाऱ्याची भाषा नेहमीच सभ्य असते. आपलीही होती.

शिवाय कार्यक्रमाची रचना मी अशीच सुचवली होती की आधी ‘इफ यू लव्ह धिस प्लॅनेट’ व्हावी. डॉ. हेलन कॅल्डिकॉट यांचं अणुयुद्धाच्या परिणामांवरचं व्याख्यान, सव्वीस मिनिटं, टेरी नॅश यांनी १९८२मध्ये केलेली फिल्म. तीही कॅनडाच्या त्याच फिल्म बोर्डाची. तिला लघुमाहितीपटाचं ऑस्कर मिळालं, आणि त्याच काळात अमेरिकेच्या न्याय खात्याने तिच्यावर ‘राजकीय प्रचार’ असा शिक्का मारला. प्रकरण त्यांच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि १९८७मध्ये न्यायालयाने तो शिक्का कायम ठेवला. म्हणजे एका सरकारी संस्थेने तीन वर्षांच्या अंतराने एकाच भीतीवर दोन फिल्मा केल्या, एक शेजारच्या महासत्तेला झोंबण्याइतकी गंभीर, दुसरी अकॉर्डियनवाली. त्यांना त्यात विसंगती दिसली नाही. पाठोपाठ पाहिल्या तर आपल्याही सभासदांना दिसली नसती. पहिलीत डॉक्टरबाई सांगतात की अमुक अंतरावरच्या माणसाचं काय होईल. दुसरीत तो माणूस भेटतो.

चौथा मुद्दा थोडक्यात. दहा मिनिटं वाचवून आपण काय केलंत? प्रमुख पाहुण्यांचं भाषण लांबलं, पस्तीस मिनिटांपर्यंत. त्यात अणुशक्ती होती, अध्यात्म होतं, आजच्या पिढीचं मोबाइलचं वेड होतं. आजची पिढी मागच्या रांगेत बसून मोबाइल पाहत होती.

पाचवा मुद्दा पद्धतीचा. निर्णय कोणी घेतला? सभा झाली का? झाली तर इतिवृत्त कुठे आहे? घटनेप्रमाणे कार्यक्रम समिती निवड करते आणि जाहीर झालेल्या कार्यक्रमात बदल करायचा तर समितीला विचारावं लागतं. समितीतल्या दोघांना हा बदल माझ्यासारखाच व्हॉट्सअ‍ॅपवर कळला. मला निर्णयापेक्षाही हे जास्त खुपलं आहे. चूक निर्णय सभेत बदलता येतो. सभाच नसेल तर बदलायचं कुठे?

आता माझ्या मागण्या. राजीनामे नकोत, माफी नको, मला कोणत्याही पदावर यायचं नाही.

एक. सप्टेंबरच्या किंवा ऑक्टोबरच्या मासिक कार्यक्रमात वर सांगितलेल्या दोन्ही फिल्मा पाठोपाठ दाखवाव्यात. दोन्ही मिळून छत्तीस मिनिटांच्या आहेत, मुख्य चित्रपटाला धक्का लागत नाही. परवानगीची कागदपत्रं माझ्याकडे तयार आहेत.

दोन. त्याआधी कार्यकारिणीतल्या प्रत्येकाने ‘द बिग स्निट’ पाहावी. फिल्म बोर्डाच्या संकेतस्थळावर ती फुकट आहे. पाहून झाल्यावर ज्यांना ती दाखवू नये असं वाटेल त्यांनी तसं आपल्या नावानिशी कारणासह लिहून द्यावं. ते मी मान्य करेन असं नाही, पण ते वाचायला मला आवडेल, आणि तो कागद फलकावर लावावा.

तीन. जाहीर झालेली फिल्म ती न पाहता कोणालाही काढता येणार नाही, असा ठराव सर्वसाधारण सभेत आणावा. ठराव मी मांडते, अनुमोदक मिळाले आहेत.

चार. लघुपट आणि अ‍ॅनिमेशन यांना ‘फिलर’ म्हणणं आपल्या पत्रिकेतून थांबवावं. वर्षातून एक संपूर्ण कार्यक्रम त्यांना द्यावा आणि तो निवडायचं काम पंचविशीच्या आतल्या सभासदांकडे सोपवावं. आपल्याकडे असे सभासद मोजकेच उरले आहेत, हे वर्गणीच्या वहीवरून आपल्याला माहीत आहेच.

पाच. त्या संध्याकाळी जी मुलं आली होती त्यांना फिल्म का दाखवली नाही ते सचिवांनी स्वतः भेटून सांगावं. मी बोलावते. ती प्रश्न विचारतील, त्यांची तयारी ठेवावी.

प्रलयाचं ते घड्याळ जानेवारी २०२५मध्ये एकोणनव्वद सेकंदांवर होतं. १९८४मध्ये तीन मिनिटांवर असताना कॉन्डी घाबरले असतील तर आपल्याला हसायचं कारण नाही, असं कोणी म्हणेल. मी म्हणते, हसायला सगळ्यांत रास्त वेळ आहे, कारण सायरन वाजतील तेव्हा आपणही कशावरून तरी भांडत असू. बहुधा या पत्रावरून.

सभागृह मोकळं नसेल, किंवा अध्यक्षांची संमती मिळायला वेळ लागणार असेल, तर माझ्या जुन्या कॉलेजातला पदार्थविज्ञानाचा वर्ग आम्हाला मिळतो आहे. पडदा तिथे आहे, प्रोजेक्टर मी आणीन. पण फिल्म सोसायटीची फिल्म सोसायटीत दाखवली जावी असं मला वाटतं, म्हणून महिनाअखेरपर्यंत थांबते. उत्तर लेखी द्यावं, व्हॉट्सअ‍ॅपवर नको.

आपली,
एक आजीव सभासद